इंदूरचा राजवाडा: तीन मजले दगडाचे, चार लाकडाचे

शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा ओलांडून आत गेलं की जोती दिसतात, हौद दिसतात, आणि वर मोकळं आकाश. 1828 च्या फेब्रुवारीत लागलेल्या आगीत वरचं सगळं गेलं. मराठेशाहीतला उंच वाडा जोत्यावरून वर कसा चढत गेला असेल, हे पुण्यात उभं राहून नुसतं ताडावं लागतं. इंदूरला ते डोळ्यांनी बघता येतं. होळकरांचा सात मजली राजवाडा भर बाजारात उभा आहे. खालचे तीन मजले दगडाचे, वरचे चार लाकडाचे. तोही जळलेला आहे, एकदा नव्हे, तीनदा. त्यामुळे इथे बघायचं ते राजवैभव नाही. ही इमारत एवढी वर गेली कशी आणि पुन्हा पुन्हा उभी राहिली कशी, ते बघायचं.

निकाल आधीच सांगून टाकू. दर्शनी भागाला पैकीच्या पैकी गुण. आतल्या चौकाला आणि दरबाराला पाचपैकी तीन, कारण ते काम चांगलं असलं तरी बरंचसं नवं आहे. बहुतेक पाहुणे वेळेची वाटणी उलटी करतात: समोर उभं राहून दोन फोटो, मग तिकीट काढून आत तासभर. बाहेर चाळीस मिनिटं आणि आत अर्धा तास, ही वाटणी जास्त पदरात टाकते.

महाराष्ट्रातून येणाऱ्यांचा एक घोळ सुरुवातीलाच मिटवलेला बरा. ‘अहिल्याबाईंचा वाडा’ बघायला म्हणून पुष्कळ जण इथे येतात. समोरच्या बागेत त्यांचा पुतळा असल्यामुळे समजूत आणखी पक्की होते. पण अहिल्याबाईंनी 1767 ते 1795 हा कारभार महेश्वरहून केला, आणि त्यांचा राहता वाडा नर्मदेच्या घाटावर, इथून नव्वदेक किलोमीटरवर आहे. तो बसका, साधा, घरासारखा. इंदूरचा राजवाडा वेगळ्या जातीचा: चौकात उभ्या माणसाला मान वर करायला लावायची, हाच त्याचा हेतू. दोन्ही बघायचे असतील तर आधी महेश्वर, मग इंदूर असा क्रम ठेवा. फरक लगेच कळतो.

इतिहास लागतो तेवढाच. 1734 मध्ये पेशव्यांनी मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाईंना खासगी जहागीर दिली, इंदूर त्यातलं. राजवाड्याचं काम 1747 मध्ये सुरू झालं असं धरतात. 1801 च्या जुलैत यशवंतराव होळकरांनी शिंद्यांचं उज्जैन लुटलं. त्याचा वचपा म्हणून ऑक्टोबरात शिंद्यांच्या बाजूने सर्जेराव घाटगे इंदूरवर चालून आला. शहर लुटलं गेलं आणि राजवाडा पेटवला गेला. पुढे डिसेंबर 1817 मध्ये महिदपूरला होळकरांचा पराभव झाला, जानेवारी 1818 मध्ये मंदसौरचा तह झाला, इंदूर राजधानी झाली आणि तात्या जोगांच्या कारभारात राजवाडा पुन्हा बांधून काढला गेला. म्हणजे पहिल्या मल्हाररावांच्या नावाने दाखवली जाणारी ही इमारत बऱ्याच अंशी दुसऱ्या मल्हाररावांच्या काळातली आहे. शेवटची मोठी आग 1984 ची. इंदिरा गांधींच्या हत्येनंतरच्या दंगलीत मागचा भाग जळाला, दर्शनी भाग वाचला. मागच्या मोकळ्या जागेत नंतर बरीच वर्षं बाग होती. 2006-07 च्या सुमारास उषाराजे होळकर यांच्या पुढाकाराने तो भाग जुन्याच पद्धतीने, म्हणजे चुना, विटा, दगड आणि लाकूड वापरून पुन्हा उभारला गेला. त्यानंतर स्मार्ट सिटी योजनेत दर्शनी भागाचं जतनाचं काम झालं.

एवढं डोक्यात ठेवून बागेच्या पलीकडच्या टोकाला जाऊन उभे राहा आणि इमारत खालून वर वाचायला लागा. अगदी खाली मोठी कमान आणि तिच्यात लोखंडी खिळ्यांनी मढवलेला लाकडी दरवाजा. त्याच्या वर सज्जे, झरोके, खिडक्यांच्या रांगा. तिसरा मजला संपला की रंग बदलतो, दगडाची गंभीर करडी छटा जाऊन लाकडाचा तपकिरी सुरू होतो. ही रेघ सजावटीची नाही. वजनाचा हिशेब तिथे बदलतो.

हिशेब असा. एक घनमीटर काळ्या दगडाचं वजन पावणेतीन ते तीन टन. चुन्यातलं विटांचं बांधकाम दोन टनांच्या जरा आत. सागवान पाऊण टनाच्याही आत. समजा, चार मीटर उंचीचा एक मजला आणि एक मीटर जाडीची दगडी भिंत धरली, तर भिंतीच्या प्रत्येक धावत्या मीटरला साडेअकरा टन वजन होतं. असे आणखी चार मजले दगडाचेच चढवले, तर पायावर धावत्या मीटरला सेहेचाळीस टन वाढले. त्याऐवजी लाकडी सांगाडा उभा करून मध्ये वीतभर जाडीची विटांची भिंत भरली, तर हेच चार मजले दहा टनांच्या आत बसतात. दगडाचं ते जादा ओझं सोसायला खालच्या भिंती आणखी जाड कराव्या लागल्या असत्या. त्या जाड केल्या की खोल्या अरुंद होतात, उजेड जातो आणि पायावरचा भार पुन्हा वाढतो. दगडी इमारत उंच नेताना कारागीर या चक्रात अडकतो.

माळव्यात त्यात काळ्या मातीची भर. ही माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात इतकी भेगाळते की भेगेत हात जातो. तिच्यावर भिंत टेकवली तर इमारतीचा एक कोपरा वर, एक खाली असा खेळ दरवर्षी चालतो. म्हणून पाया काळी ओलांडून मुरमापर्यंत न्यावा लागतो. तरीही मोठ्या इमारतीत थोडंफार खचणं होतंच. दगडी भिंत ते सहन करत नाही, तडकते. कुसू (भोकात बसणारं लाकडाचं टोक) आणि भोक असे सांधे असलेला लाकडी सांगाडा जरासा वाकतो, कुरकुरतो आणि जागेवर राहतो. वरचे मजले लाकडाचे ठेवण्यात काटकसरीपेक्षा हे शहाणपण मोठं होतं. खाली दगड ठेवण्याचीही कारणं तितकीच रोखठोक: जमिनीची ओल, वाळवी, आणि दारावर चालून येणारा शत्रू. यातली तिन्ही संकटं चौथ्या मजल्यापर्यंत सहसा पोचत नाहीत.

मार्गदर्शक आणि पुस्तिका इथे एक वाक्य हमखास ऐकवतात: मराठा, मुघल आणि फ्रेंच शैलींचा संगम. वाक्य चुकीचं म्हणता येत नाही, पण त्याचा उपयोग काही नाही. आत शिरताना त्यातलं ‘मराठा’ तेवढं लक्षात ठेवा, कारण इमारतीचा सगळा आराखडा वाड्याचा आहे. दरवाजा, दरवाजाच्या आत देवडी, देवडीतून चौक, चौकाभोवती खांबांच्या ओसऱ्या, आणि वर दरबार. महिरपी मुघल वळणाच्या आहेत, पण पुण्यातल्या वाड्यांतही त्या तशाच असतात. तोवर ती मराठी सुताराची नेहमीची भाषा झाली होती.

चौकात उभं राहून एकच खांब निवडा आणि त्याच्याकडे नीट पाहा. सगळी रचना त्या एका खांबात आहे. खाली दगडी तळखडा. खांब थेट जमिनीत रोवलेला नसतो, तळखड्यावर ठेवलेला असतो. जमिनीची ओल आधी दगडाला भेटावी, लाकडाला नाही, यासाठी. त्याच्या वर खांब, वरच्या टोकाला दोन्ही बाजूंनी निघालेले हस्त, हस्तांवर तुळई, तुळईवर आडव्या कड्या, कड्यांवर फळ्यांची तक्तपोशी आणि त्यावर माती-चुन्याचा भराव. हस्त नक्षीसाठी आहेत असं वाटतं, पण त्यांचं खरं काम तुळईचं उघडं अंतर दोन्हीकडून कमी करणं. दोन खांबांमधल्या अंतराला खण म्हणतात आणि वाडा फुटांत नाही, खणांत मोजतात. खण साधारण पाच ते आठ फुटांचा असतो. दरबारात खांबांची इतकी गर्दी का, याचं उत्तर इथे आहे: दर फुटावरचा भार तोच ठेवून तुळईचं अंतर दुप्पट केलं, तर तिची मधली लवण दुप्पट होत नाही, सोळापट होते. मोठा दिवाणखाना हवा तर खांब हवेतच, किंवा मग लोखंड हवं.

आता नजर छताकडे. तुळईची खालची कड डोळ्यांच्या रेषेत धरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पाहिली तर लवण दिसते. मध्ये थोडी लवण जुन्या लाकडात असायचीच, तिला घाबरायचं कारण नाही. तुळई भिंतीत शिरते त्या टोकाशी मात्र काळपट डाग, भुसा किंवा बोटभर फट दिसली, तर तिथे दुखणं आहे. लाकडी इमारती मधल्या भागात मोडत नाहीत, टोकाला कुजतात. भिंतीत पुरलेलं टोक पावसाळ्यात ओल पितं, त्याला हवा लागत नाही, बुरशी आणि वाळवीला अंधार आवडतो. जाणते मिस्त्री टोकाभोवती बोटभर हवा खेळेल अशी फट सोडतात. घाईचा ठेकेदार ती फट सिमेंटने लिंपून टाकतो आणि आपण काम पक्कं केलं असं समजतो. दहा पावसाळ्यांत ते टोक भुसभुशीत होतं.

कुजलेली तुळई अख्खी बदलायची गरज क्वचित असते. कुजका भाग चांगल्या लाकडापर्यंत मागे कापायचा, तिरका लांब काप घ्यायचा, तसाच काप दिलेला नवा तुकडा त्यावर बसवायचा आणि लाकडी खुंट्यांनी किंवा बोल्टांनी आवळायचा. काप जितका लांब तितका जोड बळकट. यात नेहमी बिघडतं ते नवं लाकूड ओलं असल्यामुळे. ओलं सागवान पूर्ण सुकेपर्यंत रुंदीत शंभराला तीन ते पाच भाग आकसतं, लांबीत जवळजवळ नाही. म्हणजे बसवताना घट्ट असलेला जोड वर्षभरात ढिला होतो. माळव्याच्या हवेला साधारण दहा-बारा टक्के ओलावा उरेपर्यंत सुकवलेलं लाकूडच चालतं, आणि ते मिळवायला वेळ जातो. म्हणूनच चांगली डागडुजी रेंगाळल्यासारखी वाटते. पर्यटक म्हणून बांबूच्या परांच्या आणि हिरवी जाळी बघून चिडायला होतं हे खरं. तरी लवकर उरकलेल्या कामापेक्षा रेंगाळलेलं काम बरं.

भिंतींची गोष्ट चुन्याची. नव्या पिढीला सिमेंटच ठाऊक, म्हणून थोडं सविस्तर. चुनखडी नऊशे अंश सेल्सियसच्या आसपास भाजली की तिच्यातला कार्बन डायऑक्साइड निघून जातो आणि कळीचा चुना उरतो. तो पाण्यात विरवायचा. विरताना पाणी उकळायला लागतं, त्यामुळे हे काम उघड्या डोळ्यांनी आणि हातांनी करायचं नसतं. विरलेला चुना पाण्याखाली मुरत ठेवायचा, जितका जास्त तितका लोण्यासारखा. मग वाळू आणि सुरखी, म्हणजे भाजलेल्या विटांची भुकटी, घालून चुन्याच्या घाण्यात मळायचा. प्रमाण कामाप्रमाणे बदलतं, पण एक भाग चुन्याला वाळू आणि सुरखी मिळून दोन भागांच्या आसपास असतं. सुरखी नुसती भर घालत नाही. ती चुन्याशी संयोग पावते, त्यामुळे ओलीतही तो घट्ट होतो. त्यात गुळाचं पाणी, बेलफळाचा रस, मेथी, उडदाचं पाणी पडतं. यांनी चुना कमी पाण्यात मऊ राहतो, हळू आवळतो आणि चिकटून बसतो. हे ऐकून लोक हसतात, पण घरी खीर करायला निघालेलं सामान भिंतीत जातं म्हणून ते अडाणीपण ठरत नाही.

चुन्याचा गिलावा पातळ थरांत द्यायचा, एका थराला सेंटिमीटरभर, आणि प्रत्येक थर आठवडाभर तरी ओला ठेवायचा. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड परत घेत पुन्हा दगड बनतो, आणि ही प्रक्रिया बाहेरून आत सरकते, महिने लागतात, जाड थराला वर्षं. घाई करून एकदाच जाड थर थापला की वरचा पापुद्रा कडक होतो आणि आतला मऊच राहतो. पहिल्याच पावसाळ्यात पोपडे सुटतात.

सिमेंटने काय बिघडतं हेही इथेच सांगायला हवं, कारण जुन्या इंदुरात, राजवाड्याच्या आसपासच्या गल्ल्यांतल्या वाड्यांत, हे पावलोपावली दिसतं. चुन्याची भिंत ओल घेते आणि सोडते. तिच्यावर सिमेंटचा गिलावा केला की ओल आत येण्याच्या वाटा तशाच राहतात, जोत्यातून आणि छतातून, पण बाहेर जाण्याची वाट बंद होते. आतले क्षार पृष्ठभागाकडे सरकतात, सुकताना त्यांचे खडे होतात, खडे फुगतात आणि गिलावा ढकलतात. याला आपण लोणा लागला म्हणतो. सिमेंट तगडं असल्यामुळे सुटताना ते एकटं सुटत नाही, खालच्या विटेचा पापुद्राही ओढून नेतं. तीन वर्षांत भिंत आधीपेक्षा वाईट होते. तुमचा स्वतःचा जुना वाडा असेल तर राजवाड्याच्या भेटीतून घरी नेण्यासारखी गोष्ट हीच आहे: गिलावा चुन्याचाच करा आणि त्यावर प्लास्टिक पेंट लावू नका, नाहीतर सगळी मेहनत त्या एका डब्याने वाया जाते.

नवं कुठलं, जुनं कुठलं? हा प्रश्न प्रत्येक जाणता पाहुणा विचारतो आणि उत्तर बहुतेक वेळा डोळ्यांनीच शोधावं लागतं. काही खुणा उपयोगी पडतात. हाताने तासलेल्या लाकडावर तासणीच्या उथळ, असमान खळग्या असतात; तिरप्या उजेडात त्या दिसतात. यंत्राच्या करवतीचे ओरखडे एकसारखे, बहुधा कमानीसारखे असतात. जुने खिळे घडवलेले, चौकोनी अंगाचे, डोकी वेडीवाकडी. नवे गोल आणि एका मापाचे. नक्षीत केळफुलाच्या पाकळ्यांच्या कडा बघा: हात, धूळ, तेलपाणी यांनी जुनी कड बोथट होते, नवी कड बोटाला टोचेल अशी राहते. बोट लावून मात्र बघू नका. प्रत्येक पाहुण्याने एकदाच हात लावायचा म्हटलं तरी खांब चकचकीत होतो. मागच्या भागात बहुतेक सगळं नवंच सापडेल, आणि ते लपवण्यासारखं नाही. जळालेल्या जागी काँक्रीटचा सांगाडा उभा करून वर लाकडाचं कातडं चढवणं सोपं होतं. तसं झालं नाही, हे महत्त्वाचं. तरीही तीनच गुण देण्याचं कारण असं, की त्या भागात रेषा फार सरळ आहेत, लाकडाचा रंग फार सारखा आहे आणि दालनं बरीचशी रिकामी आहेत. राहता वाडा असा नसतो. आवारातल्या मल्हारी मार्तंडाच्या देवघराशी मात्र पावलं थांबतात, कारण तिथे वापर आहे. होळकरांचं कुलदैवत जेजुरीचा खंडोबा. तो इथे आहे म्हणून वाडा अजून पुरता संग्रहालय झालेला नाही.

आगीबद्दल एक गैरसमज काढून टाकायला हवा. लाकडाचे मजले म्हणून जळाले, दगडाचे असते तर वाचले असते, असं सरळ गणित नाही. जाड सागवानी खांब हळू जळतो. बाहेर कोळशाचा थर चढतो आणि तो आतल्या लाकडाला उष्णतेपासून राखतो. जळण आत सरकण्याचा वेग मिनिटाला अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास. अर्ध्या तासात प्रत्येक बाजूने दीडेक सेंटिमीटर गेलं असं धरा, तरी फूटभर जाडीच्या खांबात भार पेलायला पुष्कळ लाकूड उरतं. भरभर पेटतात त्या फळ्या, जाळ्या, पडदे, चिका, कागद. आणि वाड्याचा चौक धुराड्याचं काम करतो: खालून गार हवा, वर ज्वाळा, भोवती चारही बाजूंनी उघड्या ओसऱ्या. भिंतीतले अरुंद जिने दुसरं धुराडं. एकदा आग जिन्यात शिरली की मजल्यामागून मजला जातो. दगडही यात सुखरूप राहत नाही. तापलेल्या दगडावर पाण्याचा फवारा पडला की तो फुटतो.

आजच्या नियमांनी पाहिलं तर गंमत होते. भारताच्या राष्ट्रीय बांधकाम संहितेत पंधरा मीटर आणि त्याहून उंच इमारतीला उंच इमारत म्हणतात. या व्याख्येत राजवाडा सहज बसतो, आणि तिच्यासाठीच्या अटींत तितकाच सहज नापास होतो. पर्यटकांना सगळीकडे चढू देत नाहीत, यावर कुरकुर करण्याआधी तो अरुंद जिना बघा. दोनशे माणसं वर आणि खाली एकच वाट, ही कल्पना करून पाहा.

गगनचुंबी इमारतींचा इतिहास सांगताना शिकागोपासून सुरुवात करायची पद्धत आहे. 1885 ची होम इन्शुरन्स बिल्डिंग, दहा मजली, वास्तुविशारद विल्यम ल बॅरन जेनी. तिथे भार भिंतींवरून धातूच्या सांगाड्यावर गेला आणि उंचीची वाट मोकळी झाली, असं मानतात. त्याच शहरात 1891 मध्ये मोनॅडनॉक इमारतीचा उत्तरेकडचा भाग सोळा मजले विटांच्याच भिंतींवर चढवला, तेव्हा तळाशी भिंती सहा फूट जाड कराव्या लागल्या. दगडविटांच्या चक्राबद्दल वर जे म्हटलं त्याचा हा सगळ्यात बोलका पुरावा. तिसरी गोष्ट लिफ्ट: एलिशा ओटिसने दोर तुटला तरी न पडणारी लिफ्ट 1850 च्या दशकात न्यूयॉर्कमध्ये दाखवली, आणि वरचा मजला प्रथमच किमती ठरला.

या माळेत राजवाडा बसवायचा मोह आवरलेला बरा. मल्हाररावांचा मिस्त्री शिकागोचा पूर्वज नव्हता. पण प्रश्न एकच होता आणि उत्तराची दिशाही एकच: भिंत हलकी करा, भार सांगाड्यावर द्या. इथे सांगाडा सागवानाचा होता आणि लिफ्ट म्हणजे माणसाचे पाय, एवढंच. 1871 च्या मोठ्या आगीनंतर शिकागोने उघड्या लोखंडाला भाजक्या मातीचं वेष्टण घालायला सुरुवात केली. इंदूरने प्रत्येक आगीनंतर पुन्हा लाकूडच उभं केलं. हट्ट म्हणा, पण त्याच हट्टामुळे ही कारागिरी बघायला मिळते.

आता जाण्याबद्दल. इंदुरात ‘राजवाड्यावर आहे’ म्हणजे वाड्यात आहे असा अर्थ होत नाही, त्या चौकात किंवा आसपासच्या बाजारात कुठेही. हिंदीत लोक ‘राजबाडा’ही म्हणतात. स्वतःची गाडी नेऊ नका. गल्ल्या अरुंद आहेत आणि जागा शोधण्यातच वेळ जातो. रिक्षाने चौकापर्यंत या. सकाळी बाजार उघडायच्या आधी दर्शनी भाग सगळ्यात मोकळा मिळतो, तेव्हा बाहेरचं बघणं उरकून घ्या आणि पोह्या-जिलबीनंतर आत जा. दिवसाची वेळ, सुट्टी आणि तिकीट दारावरच्या फलकावर पाहून घ्या, नेटवरच्या जुन्या आकड्यांवर विसंबू नका. आत दुर्बीण नेली तर छताची नक्षी आणि सांधे कळतात. साधी आठ पटीची पुरते.

फोटोत इमारत मागे कलल्यासारखी दिसते, कारण जवळ उभं राहून फोन वर करतात. मागे जा, फोन सरळ उभा धरा आणि नको असलेली खालची जमीन नंतर कापून टाका. उंचीचा अंदाज हवा असेल तर दरवाजात उभ्या माणसाकडे हात लांब करून पेन धरा, पेनवर त्याची उंची अंगठ्याने खुणवा आणि तेवढीच लांबी वर वर मोजत न्या. साडेपाच फुटांनी गुणलं की झालं. हे करताना मजल्यांची उंची सारखी नाही हेही हाताशी येतं.

जोडीला काय बघावं? चालत जाण्याच्या अंतरात गोपाळ मंदिर आहे, कृष्णाबाई होळकरांनी 1832 मध्ये बांधलेलं. तिथले लाकडी खांब आणि राजवाड्याचे खांब एकाच दिवशी बघण्यात अर्थ आहे. कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांत दगडाचं कोरीव काम बघा, म्हणजे होळकरांच्या पाथरवटांना काय येत होतं ते कळेल. काचमंदिर सुंदर आहे, पण या विषयाशी त्याचा संबंध नाही. लालबाग राजवाडा वेगळ्या दिवसासाठी ठेवा. तिथला थाट युरोपी आहे आणि राजवाड्यानंतर लगेच पाहिला तर दोन्ही डोळ्यांत मावत नाहीत. रात्री सराफ्यात खायला जाणार असालच, सोन्याची दुकानं बंद झाली की खाऊगल्ली भरते. जाता जाता दिव्यांच्या उजेडात राजवाडा पुन्हा दिसतो. रोषणाईत लाकूड आणि दगड यांतला फरक मात्र पुसला जातो, सगळंच सोनेरी होतं. अभ्यासाला दिवसच हवा.

दोन दिवस टाळा. भारताने क्रिकेटचा मोठा सामना जिंकला की सगळं शहर याच चौकात लोटतं, तेव्हा मुंगीला वाट मिळत नाही. आणि रंगपंचमी. त्या दिवशी इथून गेर, म्हणजे रंग उधळणारी मिरवणूक, निघते, रंगाच्या पाण्याचे फवारे चार-पाच मजल्यांपर्यंत जातात, आणि इमारतीला डाग पडू नयेत म्हणून राजवाडा आधीच ताडपत्रीने झाकलेला असतो. गेर बघायची असेल तर जरूर या, राजवाडा बघायचा असेल तर ताडपत्री उतरल्यावर.